प्रेक्षकाला उभं कुठे करायचं?

नांदेडहून मुंबईकडे जाणाऱ्या रेल्वेमार्गावर परभणी मागे पडलं की थोड्याच वेळात मानवत रोड नावाचं स्टेशन येतं. मानवत गाव तिथून आत आहे. १९७२चा दुष्काळ अंगावर असताना या गावात आणि आसपासच्या शिवारात मुलींचे, बायकांचे खून होऊ लागले आणि ते सत्र १९७४च्या सुरुवातीपर्यंत चाललं. गुप्तधनाची हाव, अपत्याची आस आणि त्यासाठी दिलेले बळी असं तपासातून पुढे आलं. सारा महाराष्ट्र हादरला. तपासासाठी मुंबईहून पोलीस अधिकारी रमाकांत कुलकर्णी आले. मुंबईतल्या रामन राघव खून प्रकरणाच्या तपासामुळे हे नाव आधीच गाजलेलं होतं.

हीच घटना पडद्यावर दोनदा आली. १९८१ साली अमोल पालेकरांनी दिग्दर्शक म्हणून आपला पहिला चित्रपट केला, 'आक्रीत'. पटकथा विजय तेंडुलकरांची. मग २०२४ साली सोनी लिव्हवर आठ भागांची मराठी मालिका आली, 'मानवत मर्डर्स'. लेखन गिरीश जोशींचं, दिग्दर्शन आशिष बेंडे यांचं. मधे ४३ वर्षं गेली. गाव एक, काळ एक, गुन्हा एक. तरी या दोन कलाकृती पाठोपाठ पाहिल्या तर आपण दोन वेगळ्या जगांत जाऊन आल्यासारखं वाटतं.

'आक्रीत'मध्ये आपण मुकुटराव आणि रुही यांच्या घरात असतो. या भूमिका अमोल पालेकर आणि चित्रा पालेकर यांनी केल्या. हाव कशी उगवते, भीतीच्या आधारानं ती कशी वाढते आणि माणूस एकेक पायरी कसा खाली उतरतो, हे आपण आतून पाहतो. खुनी कोण हा प्रश्न तिथे फारसा उरतच नाही. 'मानवत मर्डर्स'मध्ये आपण रमाकांत कुलकर्णींच्या बरोबर गावात शिरतो. ती भूमिका आशुतोष गोवारीकरांची. त्यांना जेवढं कळतं तेवढंच आपल्याला कळतं. त्यांचा संशय तो आपला संशय, त्यांची चूक ती आपली चूक.

पटकथाकाराच्या कामाचा गाभा मला इथे सापडतो. गोष्ट सुचणं ही सुरुवात झाली. खरा निर्णय त्यानंतरचा: प्रेक्षकाला उभं कुठे करायचं? कुणाच्या खांद्यामागे, कुठल्या उंबऱ्यावर, किती माहिती देऊन? हा निर्णय अभिनेता घेत नाही, कॅमेराही घेत नाही. शूटिंग सुरू होण्याच्या कितीतरी आधी, कागदावर, एक माणूस तो घेऊन बसलेला असतो.

कागदावर असतं तरी काय?

पटकथेचं पान कादंबरीच्या पानासारखं दिसत नाही. वर एक ओळ असते: सीनचा क्रमांक, आत की बाहेर, ठिकाण, वेळ. त्याखाली काय दिसतं आणि काय ऐकू येतं, एवढंच. 'त्याला आपल्या बालपणाची आठवण होऊन वाईट वाटलं' हे वाक्य कादंबरीत चालतं. पटकथेत ते कुचकामी ठरतं, कारण आठवणीचा फोटो काढता येत नाही. लेखकाला अशी कृती शोधावी लागते, जी पाहून वाईट वाटणं प्रेक्षकाच्या मनात आपोआप घडेल. जे जे आतलं आहे ते बाहेरच्या खुणांतून उभं करायचं, ही या कलेची अट. तिच्यामुळेच ही कला अवघड आहे आणि तिच्यामुळेच इतकी सुंदरही.

आपल्याकडे श्रेयनामावलीत तीन नावं वेगळी येतात: कथा, पटकथा, संवाद. कित्येक प्रेक्षकांना हे तिन्ही एकच वाटतं. 'अर्धसत्य' (१९८३) घ्या. कथा श्री. दा. पानवलकरांची, 'सूर्य' नावाची. पटकथा तेंडुलकरांची. हिंदी संवाद वसंत देव यांचे. किंवा 'मंथन' (१९७६) घ्या. गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये घालून काढलेला हा चित्रपट. कथेमागे वर्गीस कुरियन आणि श्याम बेनेगल, पटकथा तेंडुलकरांची आणि संवाद कैफी आझमींचे. या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. विचार करून पाहा, गोष्ट दुसऱ्यानं सांगितलेली, तोंडातले शब्दही दुसऱ्यानं लिहिलेले. मग पुरस्कार मिळाला तो कशाला? घटनांच्या क्रमाला, प्रत्येक प्रसंगाच्या गरजेला, कुठला प्रसंग वगळायचा या निवडीला आणि प्रेक्षकाला दिलेल्या जागेला.

याचा सगळ्यात थक्क करणारा पुरावा म्हणजे 'आक्रोश' (१९८०). लहान्या भिकू या आदिवासी माणसावर बायकोच्या खुनाचा आरोप आहे. भास्कर कुलकर्णी हा तरुण वकील त्याचा बचाव करतोय. आणि लहान्या बोलतच नाही. वकिलाशी नाही, न्यायालयात नाही, कुणाशीच नाही. ओम पुरींनी जवळजवळ संपूर्ण चित्रपट मुक्यानं पेलला आहे. शेवटी एक किंकाळी येते आणि आतापर्यंतची सगळी शांतता तिच्यातून फुटते. ही शांतता लिहिलेली आहे. वकील काय विचारतो, किती वेळ थांबतो, मग कुठे जातो, कुणाला भेटतो, परत आल्यावर लहान्याची नजर कुठे असते, हे प्रसंगामागून प्रसंग कुणीतरी रचलं, म्हणून ती किंकाळी आपल्या छातीत घुसते. न बोललेलं लिहिणं हीसुद्धा लेखकाचीच करामत आहे.

एक सीन, जवळून

हे काम हाताशी धरून पाहायचं तर एक काल्पनिक सीन घेऊ. लातूर. बारावी आणि नीटच्या क्लासेसचं शहर. मुलगा दोन वर्षांपासून इथे खोली करून राहतोय. त्यानं क्लास सोडलाय आणि घरी सांगितलेलं नाही. वडील लोह्याकडून फीचा शेवटचा हप्ता घेऊन आलेत. नवख्या हाताचा पहिला खर्डा बहुधा असा उतरतो:

सीन २३. बाहेर. लातूर एसटी स्टँड. दुपार.
वडील : तू डॉक्टर व्हावास म्हणून मी रात्रंदिवस राबतो.
मुलगा : अण्णा, मला डॉक्टर नाही व्हायचं. मी क्लास सोडलाय.
वडील : हे ऐकण्याआधी मला मरण का नाही आलं!

यात चुकीचं काही नाही, पण प्रेक्षकाला करण्यासारखंही काही उरलेलं नाही. दोघांनी आपापलं मन वाचून दाखवलं आणि सीन संपला. आता तोच प्रसंग पुन्हा लिहू. बदल एकच करायचा. मुलानं क्लास सोडल्याचं आधीच्या सीनमध्ये आपल्याला दाखवून ठेवायचं.

सीन २३. बाहेर. लातूर एसटी स्टँड. दुपार.
अहमदपूरकडून आलेली बस. वडील उतरतात. बंडीच्या आतल्या खिशातून नोटांची घडी काढतात. घडी आडत्याच्या पट्टीत गुंडाळलेली.
वडील : मोजून घे.
मुलगा : असू द्या, अण्णा.
वडील : मोज म्हन्लं ना. पैसा मोजूनच घ्यावा मानसानं.
मुलगा मोजतो. मोजताना पट्टीवर सोयाबीनचं वजन दिसतं, भाव दिसतो. त्याची बोटं थांबतात.
मुलगा : समदंच इकलं का?
वडील : घरात ठिवून काय करायचं? जेवलास का?
मुलगा : व्हय. … पावती आनून देऊ का?
वडील : मला कुटं वाचता येतंय.
मुलगा नोटा बॅगेत ठेवतो. पट्टीची घडी घालून ती मात्र शर्टाच्या खिशात.

आता कुणीच मन मोकळं केलेलं नाही आणि तरी सगळं कळलं. घरातलं सोयाबीन संपलं, हे आडत्याच्या पट्टीनं सांगितलं. वडिलांचा विश्वास त्यांच्या निरक्षरतेतून आला आणि त्यामुळे तो जास्तच बोचला. मुलाला अपराधी वाटतंय हे एका कागदाच्या जागेनं सांगितलं: नोटा बॅगेत, पट्टी खिशात. मुख्य म्हणजे आपण मुलाच्या बाजूला उभे आहोत. त्याचं गुपित आपल्याला ठाऊक आहे, त्यामुळे प्रत्येक साधा प्रश्न आपल्याला टोचतो. 'जेवलास का' हासुद्धा.

आल्फ्रेड हिचकॉकनं फ्रान्स्वा त्रुफोशी झालेल्या प्रदीर्घ मुलाखतीत हेच फार सोप्या उदाहरणानं समजावलं होतं. टेबलाखाली बॉम्ब आहे आणि तो अचानक फुटला, तर प्रेक्षकाला १५ सेकंदांचा धक्का बसतो. तोच बॉम्ब प्रेक्षकाला आधी दाखवला आणि टेबलाभोवतीच्या माणसांना ठाऊक नसेल, तर त्यांच्या फालतू गप्पांतही प्रेक्षक १५ मिनिटं जीव मुठीत धरून बसतो. आपल्या सीनमध्ये बॉम्ब म्हणजे सोडलेला क्लास.

पण हीच गोष्ट वडिलांच्या बाजूनंही सांगता येते. आधीचा सीन काढून टाकायचा, मुलाचं गुपित प्रेक्षकापासूनही लपवायचं आणि महिन्याभरानं वडिलांबरोबर क्लासच्या दारात जाऊन उभं राहायचं. तिथे जे कळेल ते दोघांना एकदमच कळेल. संवाद जवळपास तेच राहतील, पण आपण वेगळ्या माणसासाठी रडू. पटकथाकाराच्या हातातली ताकद ती हीच.

बाहेरून आलेला माणूस

हे एकदा ध्यानात आलं की तेंडुलकरांच्या त्या दहा वर्षांकडे नव्यानं पाहता येतं. पत्रकारिता आणि नाटक करून आलेल्या या लेखकानं 'सामना' (१९७४), 'निशांत' (१९७५), 'मंथन' (१९७६), 'सिंहासन' (१९७९), 'आक्रोश' (१९८०), 'आक्रीत' (१९८१), 'उंबरठा' (१९८२) आणि 'अर्धसत्य' (१९८३) लिहिले. एका आयुष्याला पुरेल एवढं काम एका दशकात झालं. यात प्रेक्षक कुठे उभा आहे ते शोधत गेलं की एक विलक्षण गोष्ट दिसते.

'सामना'त हिंदुराव धोंडे-पाटलांच्या साम्राज्यात एक दारुडा, भणंग मास्तर येऊन पडतो आणि गायब झालेल्या मारुती कांबळेबद्दल विचारत सुटतो. 'मंथन'मध्ये एक पशुवैद्य गाडीतून उतरून गावात येतो. 'सिंहासन' अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्यांवर बेतलेला. तिथे मुख्यमंत्री आणि अर्थमंत्री यांची झुंज आपण दिगू टिपणीस या पत्रकाराच्या नजरेनं बघतो. 'आक्रोश'मध्ये वकील. 'उंबरठा'त महिलाश्रमाची अधीक्षक म्हणून घर सोडून गेलेली सुलभा. कुणीतरी बाहेरून येतं, जे सगळ्यांनी गृहीत धरलेलं असतं त्याबद्दल प्रश्न विचारतं आणि त्या प्रश्नाची किंमत मोजतं. प्रेक्षकाला तेंडुलकर बहुतेक वेळा या पाहुण्याच्या शेजारी उभं करतात. आपणही त्या गावाला नवखेच असतो, त्यामुळे त्याच्याबरोबर शिकत जातो, घाबरत जातो आणि चिडतही जातो.

नांदेड-लातूरच्या माणसाला यातला 'निशांत' फार जवळचा वाटायला हवा. गोष्ट १९४५ सालच्या हैदराबाद संस्थानातली आहे. त्या वेळी नांदेड आणि लातूर त्याच संस्थानात होते. १७ सप्टेंबर १९४८ला निजामाची राजवट संपली, तेव्हा या भागासाठी स्वातंत्र्य उगवलं. चित्रपटात बदलून आलेल्या एका शाळामास्तरच्या बायकोला जमीनदाराची माणसं उचलून नेतात. मास्तर पोलिसांकडे जातो, अधिकाऱ्याकडे जातो, वकिलाकडे जातो. सगळ्यांना सगळं ठाऊक आहे आणि कुणालाच काही करायचं नाही. एका दारातून दुसऱ्या दारात जाणाऱ्या त्या मास्तरच्या मागोमाग आपल्यालाही चालायला लावून तेंडुलकर राज्यव्यवस्थेचा अख्खा सांगाडा उघडा करतात. निजामी राजवटीवर भाषण द्यायची गरजच उरत नाही.

आणि मग 'आक्रीत' येतो. इथे त्यांनी पाहुण्यालाच मागे सारलं. आपलं बोट धरून आत नेणारा सज्जन माणूस उरला नाही. आपण थेट गुन्हेगारांच्या घरात, त्यांच्याच उंबऱ्याच्या आत. म्हणून तो चित्रपट आजही अस्वस्थ करतो. ४३ वर्षांनी गिरीश जोशींनी त्याच गावात पुन्हा पाहुणा आणला आणि त्या पाहुण्याबरोबर आलेला नवा प्रेक्षक तपासाच्या धाग्यानं आठ भाग बांधला गेला. कुठलीच निवड चूक नाही. पण प्रत्येक निवडीत काही दिसतं आणि काही झाकलं जातं, एवढं मात्र खरं.

रोज रात्री येणारी गोष्ट

चित्रपटाच्या लेखकाला प्रेक्षक अंधारात, खुर्चीला खिळलेला मिळतो. टीव्हीच्या लेखकाला तो तसा मिळत नाही. टीव्ही चालू आहे, कुणी कणीक मळतंय, कुणी मुलाचा अभ्यास घेतंय, पाहणं थोडं आणि ऐकणं जास्त. आपल्या सीनमधली ती आडत्याची पट्टी चित्रपटात अर्धा सेकंद दिसली तरी पुरते. मालिकेत ती हुकेल. म्हणून तिथे मुलाला तो भाव मोठ्यानं वाचायला लावावा लागतो. मालिकेतली माणसं इतकं का बोलतात, याचं निम्मं उत्तर स्वयंपाकघरात आहे. त्या गोंगाटातही ऐकणाऱ्याला धरून ठेवणं हे वेगळं कसब आहे आणि ते हलक्यात घेण्यासारखं नाही.

भारतीय मालिकेचा पाया १९८४ साली 'हमलोग'नं घातला. मनोहर श्याम जोशींनी मध्यमवर्गीय कुटुंबाची ती गोष्ट दीडशेहून अधिक भाग लिहिली. प्रत्येक भागाच्या शेवटी अशोककुमार येऊन प्रेक्षकांशी बोलायचे. शिकवण आणि करमणूक एकत्र गुंफायची ही कल्पना मेक्सिकोच्या मालिकांमधून आली होती. पुढे वाहिन्या वाढल्या, मालिका रोजच्या झाल्या आणि एका लेखकाच्या हातचं काम उरलं नाही.

आजच्या दैनंदिन मालिकेत अर्ध्या तासाच्या खिडकीत जाहिराती वजा जाता साधारण २२ मिनिटांची गोष्ट लागते, आठवड्यातून पाच-सहा दिवस. कथालेखक पुढच्या काही आठवड्यांचा प्रवास ठरवतो: कुणाचं लग्न, कुणाचं गुपित, कुठला ट्रॅक वर आणायचा. वाहिनीच्या क्रिएटिव्ह टीमशी चर्चा होते. पटकथालेखक त्याचे भाग करतो, भागांचे सीन करतो आणि प्रत्येक भाग अशा जागी तोडतो की उद्या रात्री माणूस परत यावा. संवादलेखक त्या सीनमध्ये माणसं बोलती करतो. आणि हे अखंड चालतं, कारण एपिसोडची बँक, म्हणजे तयार भागांचा साठा, संपता कामा नये. एखादी अभिनेत्री आजारी पडली की तिच्यावर उभे असलेले सीन रातोरात दुसऱ्या पात्रांवर लिहून काढायचे, तेही मूळ गोष्टीचा धागा न तोडता. सकाळी सेटवर कलाकार तयार होत असतात आणि सीनची पानं तेव्हा त्यांच्या हातात येत असतात. इतक्या वेगात, इतकी वर्षं, रोज नवी पानं देणारी ही माणसं आपल्या घरात रोज येतात आणि त्यांची नावं आपल्याला ठाऊक नसतात. याचं मला मनापासून आश्चर्य वाटतं.

इथून तिथे जायचं कसं?

वाट इथूनच निघते आणि ती चांगली मळलेली आहे. हौशी राज्य नाट्य स्पर्धेचे प्रयोग नांदेडला होतात, लातूरला होतात. स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठाच्या युवक महोत्सवात नांदेड, लातूर, परभणी, हिंगोलीच्या कॉलेजांची पोरं एकांकिका आणि प्रहसनं घेऊन उतरतात. मर्यादित वेळ, चार पात्रं, पैसे नाहीत आणि समोर टाळी राखून बसलेलं पब्लिक. कुठलं वाक्य पडलं आणि कुठल्या शांततेला सभागृह स्तब्ध झालं, हे तिथे त्याच क्षणी कळतं. पटकथेचं याहून चांगलं प्रशिक्षण सांगता येणार नाही.

आधीच्या पिढीनं हे करून दाखवलंय. औरंगाबादच्या 'जिगीषा' या नाट्यसंस्थेतून लेखक प्रशांत दळवी आणि दिग्दर्शक चंद्रकांत कुलकर्णी मुंबईला गेले. प्रशांत दळवींचं 'चारचौघी' १९९१ साली रंगभूमीवर आलं. पुढे 'बिनधास्त', 'भेट' असे चित्रपट झाले. अजित दळवी आणि प्रशांत दळवी या भावांनी मिळून 'तुकाराम' (२०१२) आणि 'आजचा दिवस माझा' (२०१३) लिहिले, आणि दुसऱ्याला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

प्रशांत दळवींचं 'ध्यानीमनी' तर आपल्या विषयाचा धडाच आहे. आई सतत मोहितबद्दल बोलते, पण मोहित आपल्याला दिसत नाही. रंगमंचावर हे सोपं जातं. विंगेच्या पलीकडे त्याची खोली आहे एवढं मानायला प्रेक्षक तयार असतो. २०१७ साली या नाटकाचा चित्रपट झाला तेव्हा मात्र अडचण उभी राहिली. कॅमेरा कुठेही जाऊ शकतो, हे प्रेक्षकाला ठाऊक असतं. मग तो मोहितच्या खोलीत का जात नाही? त्या न जाण्याला प्रत्येक सीनमध्ये सबळ कारण द्यावं लागतं. नाटकाचा लेखक पटकथाकार होतो तो अशाच प्रश्नांशी झुंजताना.

वाटा आणखीही आहेत. मराठवाड्यातून आलेल्या अरविंद जगताप यांनी 'चला हवा येऊ द्या'साठी लिहिलेल्या पत्रांनी विनोदाच्या कार्यक्रमात हसणाऱ्या प्रेक्षकाचे डोळे ओले केले. जालना जिल्ह्यातल्या जांब समर्थच्या राजकुमार तांगडे यांनी गावात राहून, शेती करत 'शिवाजी अंडरग्राउंड इन भीमनगर मोहल्ला' लिहिलं आणि ते नाटक राज्यभर गाजलं.

रीतसर शिकायचं असेल तर पुण्याच्या एफटीआयआयमध्ये पटकथालेखनाचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. लिहून झालं की कुणालाही ऐकवण्याआधी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे नोंदणी करावी. ती ऑनलाइन होते, त्यासाठी मुंबईची देवगिरी एक्सप्रेस पकडावी लागत नाही. आपण काय लिहिलं आणि कधी लिहिलं याचा पुरावा त्यातून राहतो. २०१२ साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली आणि चित्रपटासाठी लिहिणाऱ्यांचा रॉयल्टीवरचा हक्क कायद्यानं मान्य केला. आणि शाळा तर घरबसल्या आहेच. आवडता चित्रपट आवाज बंद करून पाहावा, मग नुसता ऐकावा, मग त्याचे सीन वहीत मांडून प्रत्येकासमोर लिहावं: इथे मी कुणाच्या बाजूला उभा आहे आणि मला त्याच्यापेक्षा जास्त ठाऊक आहे की कमी? दहा चित्रपट असे उसवले की हात आपोआप शिवू लागतो.

जागा रिकामी आहे

ज्या चित्रपट-मालिकांची नावं वर घेतली, त्यांत निजामाच्या मुलखातलं गाव आपण बदलून आलेल्या मास्तरबरोबर पाहिलं आणि मानवत मुंबईहून आलेल्या अधिकाऱ्याबरोबर. ते काम मोठंच आहे. पण आतल्या माणसाच्या शेजारून दिसणाऱ्या गोष्टी अजून कितीतरी बाकी आहेत.

एप्रिल २०१६ घ्या. लातूर तहानलेलं होतं आणि १२ तारखेला मिरजेहून पाण्याची पहिली गाडी आली. दहा वाघिणी, सुमारे पाच लाख लिटर पाणी. देशभरच्या कॅमेऱ्यांनी ती गाडी बाहेरून टिपली. आता पटकथाकारासारखं बघू. इंजिनाच्या केबिनमध्ये उभं राहिलं तर ही एका चालकाच्या रात्रीची गोष्ट आहे. मिरजेच्या बाजूला उभं राहिलं तर स्वतःच्या वाट्याचं पाणी दुसऱ्याला देणाऱ्यांची गोष्ट आहे. टँकरच्या रांगेत एखाद्या नववीतल्या मुलीच्या मागे उभं राहिलं तर ती चुकलेल्या शाळेची, घागरींच्या क्रमावरून झालेल्या भांडणांची आणि रांगेत जुळलेल्या मैत्रीचीही गोष्ट आहे. क्लाससाठी खोली करून राहिलेल्या मुलाच्या बाजूनं पाहिलं तर घरमालकानं मोजून दिलेल्या दोन बादल्यांत आंघोळ आधी की कपडे, हीच त्या दिवसाची सगळ्यात मोठी लढाई.

किंवा ३० सप्टेंबर १९९३ची पहाट. आदल्या रात्री गणपतीचं विसर्जन झालेलं, माणसं उशिरा, दमून झोपलेली. पहाटे चारच्या सुमारास भूकंपानं किल्लारी आणि आसपासची गावं कोसळली. सुमारे दहा हजार माणसं गेली. विसर्जनाच्या मिरवणुकीपासून त्या पहाटेपर्यंतचे तास, ज्यांचा शेवट प्रेक्षकाला ठाऊक आहे आणि पात्रांना नाही, ते लिहायला हिचकॉकची युक्ती पुरेशी नाही. त्या घरांच्या भिंती कशा होत्या, विसर्जन करून आलेल्या पोरांना आई काय वाढते, झोपताना कोण कुठे आडवं होतं, हे ठाऊक असलेला माणूस लागतो.

असा माणूस औसा, निलंगा, उदगीर, मुखेड, कंधार, देगलूर, किनवट इथे कुठेतरी आत्ता आहे. त्याला किंवा तिला गोष्ट शोधायला जायचं नाही, ती अंगावरच आहे. पटकथेचे नियम शिकायला वेळ लागेल, पहिले कित्येक खर्डे वाया जातील, मुंबईचा रस्ता लांब वाटेल. पण प्रेक्षकाला नेमकं कुठे उभं केलं म्हणजे हा मुलूख खरा दिसेल, याचं उत्तर इथे वाढलेल्या माणसाकडेच सगळ्यात आधी असणार. म्हणून लिहायला बसा. पहिल्याच पानावर ठिकाण आणि वेळ टाका, आणि पुढची ओळ लिहिण्याआधी ठरवा, आम्हाला कुणाच्या शेजारी उभं करणार आहात.